नागपूरच्या बाई

अक्का, नागपूरहून कुणी आलंच नव्हतं.

हे आजवर मी कुणाला सांगितलेलं नाही. आईला नाही, आबासाहेबांना नाही, पंचवीस वर्षं जिच्याबरोबर संसार केला त्या सुमनला नाही. तुझ्या जागेवर शाळेत नागपूरच्या एका बाईंना घेतलं, असं मी तुला येऊन सांगितलं होतं. त्या बाई मी रचल्या होत्या. निवड तुझी झाली होती. शाळेच्या मोठ्या बाई ते सांगायला स्वतः आपल्या दारापर्यंत आल्या होत्या आणि मी त्यांना दारातूनच परतवून लावलं. त्याला पस्तीस वर्षं झाली. तुला जाऊन सतरा दिवस.

तेराव्याला पाहुणे जेवून उठले तेव्हा बिडकीनकडचे आपले चुलते सुपारी कातरत म्हणाले, "अक्कासाहेबानं घराण्याचं नाव राखलं. देवडीसारखा वाडा गेला, जमीन गेली, पण लेकीनं उंबरा सोडला नाय. आता असं कुठं ऱ्हायलंय?" सगळ्यांनी माना हलवल्या. मीही हलवली. माझ्या मानेला ती सवयच आहे. मग मागच्या दारी हात धुवायला गेलो आणि हात धुऊन झाल्यावरही नळ चालू ठेवून तिथंच उभा राहिलो.

मला लिहिता येत नाही हे तुला ठाऊक आहे. पैठणच्या धरणाच्या कामावरून मी घरी पत्र पाठवलं की तू मोठ्यानं वाचून हसायचीस. "आप्प्या, पत्र लिहिलंस का अर्ज केलास?" तेव्हा हाही अर्जच समज. मुदत टळून गेल्यावर केलेला.

आपल्याकडच्या गोशाची गोष्ट मंदाला सांगितली तर ती खोटी वाटून हसते. बँकेत नोकरी करणारी, लुनावर फिरणारी माझी पोरगी. तिला कसं पटणार? घरातल्या बायकांनी बाहेर पडायचं म्हणजे टांगा उलटा रेटत थेट दारात आणायचा, पायदान उंबऱ्याला टेकेल इतका जवळ. दोन बाजूंना दोन बायका चादरी ताणून उभ्या. मधून आई आणि तू. उंबऱ्यापासून टांग्यापर्यंतची दोन पावलं, तेवढीच तुमच्या वाट्याची मोकळी हवा. करीममियाँ घोड्याच्या कानांकडं बघत बसायचा, मागं वळायचा नाही. "बैठे क्या सब?" एवढंच विचारायचा. तोंडानं उत्तर द्यायची रीत नव्हती, म्हणून तू आतून लाकडावर दोनदा टिचकी मारायचीस. मग टांगा हलायचा.

पोलीस ॲक्शन झालं तेव्हा आबासाहेबांनीही साखर वाटली होती. निजामाचं राज्य गेलं याचा त्यांना झालेला आनंद खोटा नव्हता. त्या राज्याबरोबर आपली देशमुखीही जाणार, हे ध्यानात यायला मात्र त्यांना दोन वर्षं लागली. देशमुखीचा हक्क बंद झाला. बिडकीनच्या पलीकडची जमीन कुळं कसत होती, ती कुळांच्याच नावावर होणार हे दिसायला लागलं. आबासाहेब रोज सकाळी शेरवानीची सगळी बटणं लावून बैठकीत बसायचे, जणू आता कुणी सरकारी माणूस सल्ला विचारायला येणार आहे. कुणी यायचं नाही. बारा वाजता ते शेरवानी उतरवायचे.

घरातली माणसं एकेक करून कमी झाली. आधी मुन्शी, मग आचारी, मग दोघींपैकी एक बाई. तेव्हा प्रश्न पडला की दुसरी चादर कोण धरणार. मी धरायला लागलो. मी धाकटा भाऊ, मला पडदा नव्हता. चादरीच्या कडेवरून मला तुझा चेहरा दिसायचा; तू मुद्दाम डोळे वटारून मला हसवायचीस, आणि मी हसलो की चादर हलायची आणि आई रागवायची.

मग घोडा विकला. छावणीच्या बाजारात नेऊन करीममियाँनीच विकला आणि घरी येऊन ओसरीच्या पायरीवर टोपी काढून बसला. टांगा मागच्या अंगणात राहिला, दांड्या जमिनीला टेकवून. भाड्याचा टांगा आणायचा तर आबासाहेब म्हणाले, "ज्या टांग्यात बाजारातलं कुणीबी बसतं, त्यात आपल्या बायका बसणार व्हय?" पायी जायचं तर विचारायचीही सोय नव्हती. म्हणजे आपण श्रीमंत होतो तेव्हा तू महिन्यातून दोनदा तरी बाहेर पडायचीस, आणि गरीब झालो तसं तुझं बाहेर पडणं साफ बंद झालं. दीड वर्षात आईनं खंडोबाचं देऊळ पाहिलं नाही. तू दुपारची त्या बिनघोड्याच्या टांग्यात जाऊन बसायचीस, पडदे सोडून, पुस्तक घेऊन. एकदा मी विचारलं, "कुठं निघाली स्वारी?" तू आतून म्हणालीस, "दौलताबादला. तुझं काय काम हाय तिकडं?"

चिनी मातीचे सहा कप राहिले होते, आठवतात? पाहुणे आले की तू पडद्याआडून माणसं मोजायचीस. सहापर्यंत असली तर चहा. सातवा दिसला की आतून निरोप, "आज उन्हाचं सरबत करायलेत." पितळेचे पेले भरपूर होते. ऐन हिवाळ्यात एकदा आठ माणसांनी कुडकुडत लिंबाचं सरबत घेतलं आणि आबासाहेबांच्या पाहुणचाराची वाखाणणी केली. आपण दोघं मागं पोट धरून हसलो. हसताना मला कळत होतं की हे आपल्या चौघांचं गुपित आहे. ते बाहेर जाता कामा नये, हेही मी त्याच हसण्यात शिकत होतो.

शाळेची बातमी मीच घरी आणली, हे विसरता येत नाही. उर्दू शाळा मराठी होत होत्या, मुलींच्या वर्गांना शिकवायला बायका मिळत नव्हत्या. सातवी झालेली चालेल, धडा घेऊन बघतील, असं मी कॉलेजात ऐकलं आणि जेवताना सहज बोलून गेलो. तू ताट पुढं सरकवलंस.

"आप्प्या, परत सांग."

"काय सांगू? तुला कोण जाऊ देणारंय?"

"जाऊ देणाऱ्याचं नंतर बघू. तू परत सांग नुसतं."

तुझी सातवी घरी मास्तर ठेवून झाली होती, तीही पहिल्या वर्गात. आई भाकरी वाढत राहिली. पण पुढच्या आठवड्यात आबासाहेब कोर्टाच्या तारखेसाठी गावाकडं तीन दिवस गेले, आणि आईनं मला करीममियाँला बोलवायला पाठवलं. तो कुठून तरी एक पांढरा घोडा घेऊन आला. आईनं दाराआडून विचारलं, घोडा कुणाचा. तो म्हणाला, "घोड़ा मेरे साले का है, आईसाब. लेकिन टांगा तो अपनाच है ना? टांगा अपना तो इज़्ज़त अपनी."

त्या दिवशीही एका बाजूची चादर मीच धरली होती. तू मला हसवलं नाहीस. तुझे ओठ पांढरे पडले होते.

परत आलीस तेव्हा तुझ्या उजव्या हाताच्या बोटांना खडू लागला होता. संध्याकाळपर्यंत तू ते हात धुतले नाहीस. जेवण डाव्या हातात चमचा घेऊन केलंस आणि आई हसली. मला बोलावून म्हणालीस, "वीस पोरी होत्या रे. सगळ्या माझ्याकडं बघायलेल्या. एवढ्या माणसांनी एकदम माझ्याकडं कधी बघितलंच नव्हतं. मला आधी वाटलं पदर तोंडावर ओढावा. मग एकीनं विचारलं, बाई, हा शब्द कसा ल्याहायचा? तिनं मला बाई म्हणलं, आप्प्या!"

मला तुझ्या आनंदानं आनंद झाला होता. तेवढं खरं मान. मी तेव्हाच वाईट होतो असं नाही.

दोन दिवसांनी कॉलेजच्या व्हरांड्यात पोरांनी मला घेरलं. करीममियाँच्या मेहुण्यानं घोडा कशाला दिला होता ते गावभर सांगितलं असावं. "काय देशमुख, बहिणीला मास्तरीण करायले म्हणे?" "आता टांगा शाळेच्या भाड्याला लावला का?" "पगार झाला की आम्हाला च्या पाज बाबा. कप हायेत का पण?" कपांचं त्यांना कसं कळलं देव जाणे, का ते उगाच बोलले. मी सगळ्यांबरोबर हसलो. घरी येताना माझे कान गरम होते. आपण बुडालोय हे आपल्याला घरात माहीत होतंच. तू शाळेत गेलीस की ते रोज सकाळी दहा वाजता रस्त्यानं चालत जाणार होतं, सगळ्यांच्या डोळ्यांसमोर. माझ्या मनात एवढंच होतं. आबासाहेबांची भीती होती असं मी पुढं स्वतःला पुष्कळदा सांगितलं. आबासाहेबांना आईनं वळवलं असतं. ते इतके थकले होते की कुणीही वळवलं असतं.

रविवारी सकाळी मोठ्या बाई आल्या. मी फाटकाशी होतो. काठाचं साधं पातळ, हातात छत्री, पायी आलेल्या. त्यांनी विचारलं, "देशमुखांचं घर हेच ना? आमच्याकडे धडा घेऊन गेल्या त्या तुमच्या कोण?"

"बहीण."

"मग बोलवा त्यांना. चांगली बातमी आणलीय."

मी फाटक उघडलं नाही. म्हणालो, "ती येणार नाही."

"येणार नाही म्हणजे? बाहेर येणार नाही, का शाळेत?"

"दोन्हीकडं."

"वडिलांची परवानगी नाही का? मी बोलते त्यांच्याशी. मला सवय आहे याची."

इथं मला पळवाट होती, अक्का. हो म्हणालो असतो तर त्या आबासाहेबांशी भांडल्या असत्या आणि कदाचित जिंकल्या असत्या. म्हणूनच मी हो म्हणालो नाही. "वडिलांचं काही नाही," मी म्हणालो. "तीच नको म्हणते. एका दिवसात तिला कळलं, जमणार नाही म्हणून."

त्यांनी छत्री दुसऱ्या हातात घेतली. "हे मला त्यांच्या तोंडून ऐकू द्या."

"आमच्यात बायका बाहेरच्या माणसासमोर येत नाहीत."

"मी बाई आहे," त्या म्हणाल्या.

"ताप आहे तिला."

तुला ताप नव्हता. तू मागच्या अंगणात टांग्यात बसून सातवीची जुनी पुस्तकं पुन्हा काढून वाचत होतीस. हाक मारली असती तर ऐकू गेली असती. मोठ्या बाईंनी छत्री उघडली आणि जाताना म्हणाल्या, "आठ दिवस जागा ठेवते. त्यांना सांगा, पहिल्या दिवशी सगळ्यांनाच भीती वाटते. मलाही वाटली होती."

आठ दिवस. एका क्षणात चूक केली असं म्हणायची सोयही त्यांनी ठेवली नाही. सोमवारी तू पांढऱ्या साडीला काठ लावायला बसलीस. मंगळवारी मला म्हणालीस, "येताना एक खडू आण की, सवय ऱ्हायला पाहिजे." मी आणला. तू तबेल्याच्या भिंतीवर अक्षरं गिरवलीस आणि आबासाहेबांच्या नजरेला पडण्याआधी पुसून टाकलीस. बुधवार, गुरुवार, शुक्रवार. रोज सकाळी उठताना मी ठरवायचो की आज सांगू, आणि रोज सांगणं कालपेक्षा अवघड झालेलं असायचं, कारण आता मला दोन गोष्टी सांगायच्या होत्या: निवड झाली ही एक, आणि मी ती लपवली ही दुसरी. दुसरीशिवाय पहिली सांगता येत नव्हती. मी माझ्याच दारात अडकलो होतो.

नवव्या दिवशी तू म्हणालीस, "तू त्याच रस्त्यानं जातोस ना? विचारून येशील?" मी शाळेच्या भिंतीपर्यंत गेलो. आत पोरी एका सुरात पाढे म्हणत होत्या. थोडा वेळ उभा राहिलो आणि परत आलो.

"काय म्हणल्या?"

"दुसऱ्या बाईंना घेतलं."

"कुठल्या?"

"नागपूरच्या हायेत."

"शिकलेल्या असतील."

"व्हय. मॅट्रिक."

तू हातातल्या साडीतली सुई काढून ठेवलीस. मग म्हणालीस, "मग बरोबर हाय."

शिव्या दिल्या असत्यास, रडली असतीस, तर कदाचित माझ्या तोंडून खरं बाहेर पडलं असतं. "मग बरोबर हाय" म्हणून तू ती साडी घडी करून ठेवलीस आणि माझ्यासाठी भाकरी टाकायला उठलीस.

त्यानंतर त्या बाई आपल्या घरातून गेल्याच नाहीत. मी त्यांना फक्त गाव आणि मॅट्रिक दिलं होतं. बाकी सगळं तू दिलंस. उन्हाळा तापला की म्हणायचीस, "नागपूरच्या बाईंना हे ऊन म्हणजे काहीच नसंल." जून आला की, "आज त्यांची शाळा उघडली." त्यांचं लग्न झालं असेल का, त्या खोली घेऊन राहत असतील का नातेवाइकांकडं, त्यांना इथलं पाणी सोसलं असेल का. मला विचारायचीस, "त्यांचं नाव पण विचारलं नाहीस? पुरुष माणूस शेवटी!" तुझ्या मनात त्यांच्याविषयी कधी वाकडं आलं नाही. मंदाला घरी शिकवताना तिचं गणित चुकलं की हसून म्हणायचीस, "नागपूरच्या बाई असत्या तर छडी दिली असती. मी आपली घरातली मास्तरीण." मंदा लहानपणी त्यांना खऱ्याच समजायची. घरात सगळे हसायचे आणि मी पाणी प्यायला उठायचो. गेल्या वर्षीसुद्धा तू म्हणालीस, "रिटायर झाल्या असतील आता. परत गेल्या असतील का नागपूरला, का इथंच ऱ्हायल्या असतील?"

देवडी विकली आणि आपण छावणीत एका बंगल्याच्या मागच्या दोन खोल्यांत आलो. टांगा मोडीत गेला; त्याचे पडदे मात्र आबासाहेबांनी आणले आणि पुढच्या खोलीच्या दाराला लावले. वीस खोल्यांच्या घरातला गोशा दोन खोल्यांत आला. बाहेर बैठक म्हणजे एक खुर्ची. पडदा आणि चूल यांच्यामध्ये तुझी सात पावलं. मी मोजली होती, कारण त्या वर्षी माझे डोळे आले होते आणि मी ओव्हरसिअरच्या परीक्षेआधी आठ दिवस डोळ्यांवर पट्टी बांधून पडलो होतो. तू येरझाऱ्या घालत माझ्या वह्या मला मोठ्यानं वाचून दाखवायचीस. तुझ्या पावलांचा आवाज ऐकत मी त्या परीक्षेचा अभ्यास केला. पास झालो. तू तोंडात साखर घातलीस आणि म्हणालीस, "चला, एक तरी देशमुख पास झाला." त्यात टोमणा नव्हता. म्हणून ते वाक्य अजून ऐकू येतं.

आई त्याच खोल्यांत गेली. जायच्या आधी तिनं मला जवळ बसवून सांगितलं होतं, "तुझ्या बापाच्या पाठीमागं मी पोरीला घेऊन गेले, म्हणून तिच्या पदरी अपमान आला. माझंच चुकलं." मी आईचे पाय दाबत होतो. दाबत राहिलो. अक्का, तुझ्यापेक्षाही कधी कधी मला आईचं ते वाक्य जड होतं. तिनं जन्मात एकच धाडस केलं होतं आणि ते यशस्वी झालं होतं, आणि ती ते पाप समजून गेली.

आबासाहेब गेल्यावर गोशा संपला. कुणी तो मोडला नाही; तो पाळायला लावणारं कुणी उरलं नाही एवढंच. सुमननं पडदे धुवायला काढले ते पुन्हा लावले नाहीत. तू चाळिशीची होतीस. दार उघडं होतं आणि तुला रस्ता ओलांडता येत नव्हता. सायकलची घंटी वाजली की तू जागच्या जागी थिजायचीस. दहा वर्षांची मंदा तुझा हात धरून तुला पलीकडं न्यायची. भाजीवाल्याशी बोलताना तुझा आवाज फुटायचा नाही. तू अजूनही बोटानं टोपलीवर दोनदा टिचकी मारायचीस. मी ते पाहिलं आणि दुसरीकडं बघितलं.

तेव्हा का सांगितलं नाही? खरं सांगतो. माझी नोकरी धरणाच्या कामावर, सुमन मंदाच्या वेळेपासून आजारी, घर तुझ्या जिवावर चाललेलं. सांगितलं असतं तर तू सोडून गेली असतीस असं नाही. जाणार कुठं होतीस? राहिली असतीस, पण सगळं कळून राहिली असतीस. ती नजर मला रोज ताटासमोर नको होती. तुझी माया मला खोट्यावर मिळत होती, तरी ती मला हवी होती.

एक गोष्ट मात्र अजून उलगडत नाही. मंदाचा मॅट्रिकचा निकाल होता. मी चप्पल घालत म्हणालो, मी बघून येतो. तू स्वयंपाकघरातून बाहेर आलीस. इतक्या चढ्या आवाजात तू माझ्याशी कधी बोलली नव्हतीस.

"तू नाय जायचं."

"का? रोजच्या वाटेवर तर हाय."

"तिचा निकाल ती जाऊन बघंल. पास हो नायतर नापास हो, तिच्या डोळ्यांनी बघंल. घरच्या माणसाला पाठवायचं नाय."

"अगं, पण मी काय..."

"आप्पा, नाय म्हणलं ना."

आप्प्या नाही, आप्पा. मग तूच पायांत चपला घातल्यास आणि मंदाचा हात धरून बाहेर पडलीस. त्या दिवशी रस्ता तू स्वतः ओलांडलास. मंदानं येऊन कौतुकानं सांगितलं. तुला कळलं होतं का? कधीपासून? का ते फक्त मंदासाठीचं बोलणं होतं आणि चोराच्या मनाला ते लागलं? कळलं असेल, तर त्यानंतरही तू दर जूनमध्ये नागपूरच्या बाईंची चौकशी करत राहिलीस ती कशासाठी? मला बोलायला वाट करून देत होतीस? मी दहा वेळा विचारायला आलो. पण विचारायचं म्हणजे सांगावंच लागणार होतं. शेवटच्या आठवड्यात हॉस्पिटलात तू माझा हात धरून म्हणालीस, "बोल काहीतरी." मी हवेबद्दल बोललो.

तू गेल्याची मंदानं पेपरात छोटी सूचना दिली होती. नवव्या दिवशी दुपारी फाटकाशी रिक्षा थांबली आणि एक म्हाताऱ्या बाई काठी टेकत उतरल्या. मी ओळखलं नाही. त्यांनी मला ओळखलं. "फाटकाशी तुम्हीच होतात ना?" त्या म्हणाल्या. मोठ्या बाई. इतकी वर्षं त्या याच गावात होत्या, समर्थनगरला, आपल्या घरापासून चालत जायच्या अंतरावर.

त्या बसल्या. मंदानं पाणी आणलं. तुझ्या फोटोकडं बघत त्या म्हणाल्या, "मी यांना एकदाच पाहिलं. अर्धा तास असेल. शेवटच्या बाकावरची एक मुलगी कधी तोंड उघडायची नाही, तिनं यांना प्रश्न विचारला. मी पुढं तीस वर्षं माणसं निवडली, पण तसं पुन्हा फार वेळा पाहिलं नाही." मग माझ्याकडं वळून हळू आवाजात म्हणाल्या, "का हो नको म्हणाल्या त्या? मला राहून राहून वाटायचं, मीच त्या दिवशी आत शिरायला हवं होतं."

मंदा हातात तांब्या घेऊन उभी होती. अक्का, मला पुन्हा एकदा दार मिळालं होतं. कॉलेजातली पोरं नव्हती, आबासाहेब नव्हते, कप नव्हते. बावन्न वर्षांचा माणूस मी. आणि मी म्हणालो, "तिची इच्छा नव्हती."

त्यांनी मान हलवली आणि काठी टेकत उठल्या. त्या गेल्यावर मंदानं फाटक लावलं आणि मला विचारलं, "बाबा, आत्या तर म्हणायची की तिला घेतलं नाही. ह्या म्हणतात ती नको म्हणाली. मग खरं काय?"

"जुन्या गोष्टी आहेत," मी म्हणालो.

ती तांब्या घेऊन आत गेली. पण तिच्याकडं आता दोन्ही अर्धे आहेत आणि ती हुशार आहे, तू शिकवलेली आहे. तेव्हापासून ती माझ्याशी कामापुरतं बोलते. जेवायला वाढते आणि समोर बसत नाही. मी सतराव्या वर्षी ज्या फाटकाला कडी घातली, त्याच्या आत अजून मीच उभा आहे.

हा कागद एखाद्या दिवाळी अंकाकडं पाठवून मोकळं व्हायचं, असा विचार मनात आला होता. छापून आलं की दोघी वाचतील आणि मला तोंड उघडावं लागणार नाही. तसं केलं तर तीही माझी जुनीच तऱ्हा होईल. म्हणून हे माझ्याकडंच ठेवतो आहे. आधी बोलायचं, मग छापायचं.

मोठ्या बाईंना सांगायचं आहे की तिनं नकार दिला नव्हता, तो मी दिला. मंदाला सांगायचं आहे की तिच्या आत्याला घेतलं होतं. समोर बसून, माझ्या तोंडानं. अजून दोघींनाही सांगितलेलं नाही. ते सांगायचं, एवढं मी तुझं देणं लागतो.